चौथ्या मजल्यावरची खोली : न्या. ह्यूगो ब्लॅक यांच्या एका निकालपत्राचे रसग्रहण

न्यायालयाचे निकालपत्र हा रसग्रहणाचा नेहमीचा विषय नव्हे. वकील ते उघडतात, आपल्या अशिलाच्या कामाचे दोन परिच्छेद टिपून घेतात आणि जाडजूड खंड पुन्हा कपाटात जातो. तरीही काही निकालपत्रे गद्य म्हणून वाचावीत अशी असतात. ‘चेंबर्स विरुद्ध फ्लोरिडा’ हे अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचे १२ फेब्रुवारी १९४० चे निकालपत्र मी त्यांत फार वर ठेवतो. खून-दरोड्याच्या आरोपावरून फाशीची शिक्षा झालेल्या चार कृष्णवर्णीय तरुणांची शिक्षा त्याने रद्द केली. ते लिहिणारे न्यायमूर्ती ह्यूगो ब्लॅक तीन वर्षांपूर्वीपर्यंत अलाबामाचे सिनेटर होते. आणि त्याच्याही आधी, १९२३ साली, बर्मिंगहॅम शहरात त्यांनी कू क्लक्स क्लॅन या गोऱ्यांच्या वर्चस्ववादी गुप्त संघटनेच्या सभासदत्वाची शपथ घेतलेली होती.

एवढे सांगितले की मराठी वाचकाच्या तोंडी लगेच वाल्या कोळ्याची गोष्ट येते. वाल्याचा वाल्मीकी झाला, पाप वारुळाखाली गेले, वरून रामनाम तेवढे ऐकू आले. अमेरिकेतही ब्लॅक यांच्याबद्दल असेच लिहिण्याची पद्धत आहे. मला ते पटत नाही. निकालपत्र नीट वाचले तर दिसते की जुना माणूस कुठेही गेलेला नाही. फौजदारी वकील, सरकारी वकील, मते मागणारा पुढारी, चौकशी समितीचा अध्यक्ष हे सगळे त्या पानांवर कामाला लागलेले आहेत. राजकारणातून न्यायासनावर आलेल्या माणसाने अंगावरचे राजकारण धुऊन टाकावे अशी आपली अपेक्षा असते. ब्लॅक यांचे उत्तम लेखन ते न धुतल्यामुळे उत्तम झाले आहे.

आधी प्रकरण. १३ मे १९३३ च्या रात्री फ्लोरिडातील पॉम्पॅनो या गावी एका वयस्कर गोऱ्या गृहस्थाला लुटून ठार मारण्यात आले. गाव खवळले. पुढच्या चोवीस तासांत पंचवीस ते चाळीस कृष्णवर्णीय माणसे वॉरंटशिवाय उचलून फोर्ट लॉडरडेलच्या तुरुंगात भरली. रविवार ते शनिवार त्यांची चौकशी चालली. शनिवारी दुपारी सुरू झालेली फेरी रविवारी सूर्य उगवेपर्यंत थांबली नाही, आणि त्या पहाटे चेंबर्स, डेव्हिस, विल्यमसन व वुडवर्ड या चौघांनी कबुलीजबाब दिले. त्या जबाबांवर फाशी झाली. वर्षानुवर्षे खालच्या कोर्टांत हेलपाटे घालून प्रकरण वॉशिंग्टनला पोहोचले. आरोपींची बाजू लढवणाऱ्या कृष्णवर्णीय वकिलांच्या चमूत थर्गुड मार्शल नावाचा एक तरुण होता, जो पुढे स्वतःच या न्यायालयाचा पहिला कृष्णवर्णीय न्यायमूर्ती झाला.

आपल्याकडे १८७२ च्या पुरावा कायद्याच्या २५ व्या कलमाने पोलिसापुढे दिलेला कबुलीजबाब आरोपीच्या विरुद्ध वापरता येत नसे. नव्या साक्ष अधिनियमातही तो नियम कायम राहिला आहे. अमेरिकेत अशी सरसकट बंदी नव्हती. जबाब स्वखुशीने दिला की धाकदपटशाने घेतला, एवढाच प्रश्न असे. म्हणून चेंबर्स प्रकरणातला सगळा झगडा त्या एका आठवड्यात काय घडले याचा होता.

इथे ब्लॅक यांची पहिली करामत. आरोपींचे म्हणणे होते की आम्हाला मारहाण झाली. पोलिसांचे म्हणणे, बोटही लावले नाही. कोणताही भावनाप्रधान लेखक त्या मारहाणीच्या वर्णनाने सुरुवात करील. ब्लॅक तो मुद्दा एका वाक्यातच बाजूला ठेवतात. मारहाणीबद्दल पुरावा परस्परविरोधी आहे, असे म्हणून ते पुढे सरकतात आणि ज्याबद्दल दोन्ही बाजूंत वादच नाही तेवढेच मांडायला घेतात. म्हणजे पुढच्या प्रत्येक वाक्याला सरकारी साक्षीदारांचीच सही आहे. ज्याने आयुष्याची पंधरा-वीस वर्षे ज्यूरीपुढे उलटतपासणी करण्यात घालवली त्यालाच हे सुचते. विरुद्ध पक्षाने जे कबूल केले तेवढ्यावरच इमारत उभी केली की ती पाडायला कोणी उरत नाही.

मग येते ती खोली. तुरुंगाचा चौथा मजला, जेलरच्या राहण्याची जागा. कोठडीतून एकेकाला वर नेतात, प्रश्न विचारतात, परत आणून सोडतात, पुढचा नंबर. वर गेलेल्या माणसाभोवती चार ते दहा जण असतात: शेरीफ, त्याचे हाताखालचे लोक, कैद्यांवरचा पहारेकरी, गावातले काही गोरे नागरिक. त्या आठवड्यात वकील भेटत नाही, मित्र भेटत नाही, नातेवाईक भेटत नाही. ब्लॅक हे सांगताना विशेषणे जवळजवळ वापरत नाहीत. मजल्याचा क्रमांक, माणसांची संख्या, वार, वेळ. नागरिक त्या खोलीत काय करत होते, असे ते विचारत नाहीत. नुसते यादीत शेवटी लिहितात. वाचकाचा घसा तिथे कोरडा पडतो.

शनिवारच्या त्या रात्रीतला आणखी एक तपशील पाहा. मध्यरात्र उलटून गेल्यावर एकाने जबाब दिला, म्हणून सरकारी वकिलाला घरून उठवून आणले. त्याला तो जबाब पसंत पडला नाही आणि त्याने कागद फाडून टाकायला सांगितले. हे मला हवे ते नाही, काही कामाचे हाती लागले की बोलवा, अशा अर्थाचे बोलून तो निघून गेला. पहाटे पुन्हा बोलावणे गेले. ब्लॅक यांनी काय करावे? सरकारी वकिलाचेच दोन शब्द अवतरणचिन्हांत घेऊन त्यांनी लिहिले की सूर्योदयाच्या जरा आधी अधिकाऱ्यांना ‘कामाचे’ असे, सरकारी वकिलाला ‘हवे’ असे काहीतरी मिळाले. बस्स. निकालपत्रात राग कुठे आहे असे कोणी विचारले तर त्या अवतरणचिन्हांकडे बोट दाखवावे.

आणि तळटीपा! वाचक सहसा त्या ओलांडून जातो. इथे त्यांत साक्षीतली प्रश्नोत्तरे जशीच्या तशी छापली आहेत. वरच्या मजकुरात न्यायाधीश बोलतो, खाली साक्षीदार स्वतः बोलतो, आणि दोघांच्या आवाजातले अंतर वाचकाने आपले आपण मोजायचे.

या खोलीचे वर्णन करणाऱ्याने अशी खोली पाहिली होती, हे निकालपत्रात कुठेही नाही. ते चरित्रात आहे. १९१४ च्या शेवटी ब्लॅक बर्मिंगहॅमच्या जेफरसन परगण्याचे सरकारी वकील झाले. तुरुंग खच्चून भरलेले, किरकोळ गुन्ह्यांचे आरोपी महिनोन्‌महिने आत पडलेले. शेजारच्या बेसेमर गावातून तक्रारी आल्या की पोलीस रात्री-अपरात्री कैद्यांना, बहुतेक कृष्णवर्णीयांना, कोठडीतून काढतात, दाराला बांधतात आणि बक्कल लावलेल्या चामडी पट्ट्याने जबाब बाहेर पडेपर्यंत मारतात. सरकारी वकिलाने डोळेझाक केली असती तर त्याचेच खटले सोपे झाले असते. ब्लॅक यांनी ग्रँड ज्यूरीपुढे चौकशी घडवून आणली आणि १९१५ च्या अहवालात ते सगळे नोंदवले. त्यानंतर पंचवीस वर्षांनी वॉशिंग्टनच्या संगमरवरी इमारतीत बसलेल्या नऊ जणांत बंद दाराआड जबाब कसा ‘तयार होतो’ हे जवळून ठाऊक असलेला माणूस समोर होता, आणि सरन्यायाधीश ह्यूज यांनी लेखणी त्याच्याच हाती दिली. निकाल जाहीर करायला दिवसही लिंकनच्या जयंतीचा निवडला. ह्यूज स्वतः न्यूयॉर्कचे गव्हर्नर राहिलेले आणि राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक हरलेले गृहस्थ. कोणता निकाल कोणाच्या तोंडून कधी यावा याची समज त्यांना कोणी शिकवायला नको होती.

तथ्यांचा भाग संपल्यावर निकालपत्र इतिहासात शिरते. निरंकुश सत्तांनी दुबळ्यांना, राजकीय विरोधकांना, धर्माने वा वंशाने अल्पसंख्य असलेल्यांना बळी देण्यासाठी फौजदारी प्रक्रियेचा वापर कसा केला, हे ब्लॅक सांगतात. छळाच्या यंत्रांची नावे येतात आणि त्याच यादीत, त्याच दमात, एकांतवास आणि लांबलेली प्रश्नांची सरबत्ती येते. ही रचना धूर्त आहे. अंग ताणणारे लाकडी चौकट-यंत्र आणि चौथ्या मजल्यावरची ती खोली एका रांगेत बसवली की वाचकाला कोणताही युक्तिवाद ऐकण्याआधीच उत्तर मिळते. हे पांडित्य विद्यापीठातले नव्हे. ब्लॅक अलाबामाच्या क्ले परगण्यातल्या खेड्यात १८८६ साली जन्मले, आठ भावंडांत धाकटे, वडिलांचे दुकान, वैद्यकीचे एक वर्ष, मग राज्याच्या विद्यापीठातून १९०६ साली कायद्याची पदवी. सिनेटर झाल्यावर आपले शिक्षण अपुरे आहे ही जाणीव त्यांना टोचू लागली आणि संसदेच्या ग्रंथालयातून ग्रीक-रोमन इतिहासाची पुस्तके घेऊन त्यांनी अक्षरशः फडशा पाडला. थ्युसिडिडीस आणि टॅसिटस हे त्यांचे जन्मभराचे सोबती. वय चाळिशीला पोहोचल्यावर जो स्वतःहून वाचू लागतो त्याच्या वाचनात एक निकड असते, ती या भागात जाणवते. जर्मनीचे नाव कुठेही नाही. १९४० च्या फेब्रुवारीत ते घेण्याची गरज नव्हती.

शेवटाकडे तो प्रसिद्ध परिच्छेद आहे, जो भाषणांत आणि भिंतींवर उद्धृत होतो: कोणतेही वारे वाहोत, असहाय, दुर्बळ, संख्येने कमी आणि लोकक्षोभाला बळी पडलेल्यांना न्यायालयांनी आसरा दिला पाहिजे, अशा आशयाचा. तो वाचून दाखवताना ब्लॅक यांचा आवाज भरून आला होता, असे सांगतात. परिच्छेद सुंदर आहे. पण खरे सांगायचे तर मला तो या निकालपत्राचा कळस वाटत नाही; त्यात सिनेटच्या व्यासपीठावरचा वक्ता किंचित जास्त दिसतो. आसऱ्याची ती प्रतिमा आधीच्या पानांवरच्या खोलीमुळे पेलली जाते. तशी ती खोली नसती तर हे वाक्य शाळेच्या बक्षीससमारंभातले वाटले असते. मात्र त्यातला एक अंश निव्वळ वक्तृत्व म्हणून सोडून देता येत नाही. संख्येने कमी असलेल्यांना लोकक्षोभापासून वाचवा, असे म्हणणारा माणूस त्याच लोकक्षोभाच्या पाठीवर बसून निवडून आलेला होता.

ती कथा सुखाची नाही. १९२१ साली बर्मिंगहॅममध्ये एका प्रॉटेस्टंट धर्मोपदेशकाने एका कॅथलिक पाद्र्याला गोळी घालून मारले. कारण त्या पाद्र्याने धर्मोपदेशकाच्या मुलीचे लग्न प्वेर्तो रिकोच्या एका कॅथलिक माणसाशी लावून दिले होते. आरोपीचे वकीलपत्र ब्लॅक यांनी घेतले. जावयाला ज्यूरीसमोर उभे करताना त्याचा वर्ण गडद दिसावा म्हणून त्यांनी कोर्टातला प्रकाश कमी करवला. आरोपी सुटला. दोन वर्षांनी, सप्टेंबर १९२३ मध्ये, ब्लॅक क्लॅनमध्ये गेले. बर्मिंगहॅमच्या ज्यूरींत क्लॅनची माणसे भरलेली असत आणि अपघाताच्या नुकसानभरपाईचे खटले चालवणाऱ्या ब्लॅक यांचे पोट ज्यूरींवर चालत असे. मतांचे गणित तर होतेच. १९२५ साली सिनेटच्या उमेदवारीच्या तोंडावर त्यांनी राजीनामा दिला. १९२६ साली ते निवडून आले आणि क्लॅनने त्यांचा जाहीर सत्कार केला.

सिनेटमध्ये ते राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांच्या नव्या धोरणांचे कडवे पाठीराखे. कामाचा आठवडा तीस तासांचा करण्याचे विधेयक त्यांचे. वीजकंपन्यांच्या लॉबीची १९३५ ची चौकशीही त्यांची. तीत उघड झाले की त्या कंपन्यांना नको असलेल्या कायद्याला विरोध म्हणून आलेल्या हजारो तारांवरची नावे चक्क पत्त्यांच्या पुस्तकातून उचललेली होती. गंमत अशी की ती चौकशी करताना ब्लॅक यांच्या समितीने खासगी तारा घाऊक ताब्यात घेतल्या आणि नागरिकांच्या हक्कांवर घाला घातल्याचा आरोप स्वतःवर ओढवून घेतला.

अमेरिकेत पुष्कळ राज्यांतले न्यायाधीश निवडणूक लढवून खुर्चीवर येतात. संघराज्याच्या न्यायाधीशाला मात्र राष्ट्राध्यक्ष नेमतो, सिनेट संमती देते आणि मग तो तहहयात असतो. १२ ऑगस्ट १९३७ रोजी रूझवेल्ट यांनी आपल्या पहिल्या नेमणुकीसाठी ब्लॅक यांचे नाव धाडले. पाच दिवसांत ६३ विरुद्ध १६ मतांनी ते मंजूर झाले. नेमणुकीनंतर ब्लॅक युरोपात गेले आणि इकडे सप्टेंबरात पिट्सबर्गच्या एका वृत्तपत्रात रे स्प्रिगल या वार्ताहराने क्लॅनच्या सभासदत्वाचे कागदोपत्री पुरावे छापले. या लेखमालेला पुलित्झर पारितोषिक मिळाले. १ ऑक्टोबरला ब्लॅक रेडिओवर बोलले. कोट्यवधी लोकांनी ते अकरा मिनिटांचे भाषण ऐकले.

ते भाषण चेंबर्सच्या शेजारी ठेवून वाचावे. तेही त्याच माणसाचे गद्य आहे. छोटी वाक्ये, सोपे शब्द. मी सभासद झालो होतो, मी राजीनामा दिला, मी पुन्हा गेलो नाही. पण क्षमेचा शब्द नाही. उलट, आपल्याविरुद्धच्या या गदारोळामुळेच देशात धार्मिक द्वेष भडकेल अशी तंबी आहे. ज्यू, कॅथलिक आणि कृष्णवर्णीय मित्रांचा हवाला आहे. आणि हे निवेदन संपले की माझ्याकडून हा विषय संपला, असा शेवट आहे. चेंबर्समध्ये जो लेखक कबुलीजबाब कसा बाहेर काढतात हे इतक्या बारकाईने सांगतो, तोच इथे स्वतःचा कबुलीजबाब वकिलासारखा देतो: पुराव्याने सिद्ध झाले तेवढे मान्य, त्यापलीकडे एक अक्षर नाही. पुढे वॉशिंग्टनमध्ये विनोद निघाला की ब्लॅक पूर्वी पांढरा झगा घालून काळ्यांना घाबरवीत, आता काळा झगा घालून गोऱ्यांना घाबरवतात. विनोद बरा आहे, पण तो पुन्हा वाल्या-वाल्मीकीचाच.

तसे असते तर १८ डिसेंबर १९४४ चे ‘कोरेमात्सू विरुद्ध अमेरिका’ हे निकालपत्र त्यांच्या हातून उतरले नसते. जपानशी युद्ध सुरू झाल्यावर पश्चिम किनाऱ्यावरच्या एक लाखाहून अधिक जपानी वंशाच्या लोकांना घरेदारे सोडायला लावून छावण्यांत डांबले गेले. त्यांतले बहुसंख्य अमेरिकेचेच नागरिक. कॅलिफोर्नियात जन्मलेला फ्रेड कोरेमात्सू गेला नाही, पकडला गेला, दोषी ठरला. सहा विरुद्ध तीन मतांनी न्यायालयाने शिक्षा कायम केली. बहुमताचे निकालपत्र ब्लॅक यांचे.

सुरुवात आश्वासक आहे. एखाद्या वंशाच्या लोकांचेच हक्क कमी करणारा कोणताही नियम संशयास्पद समजावा आणि अत्यंत कठोरपणे तपासावा, असे ते म्हणतात. आणि मग तपासतच नाहीत. चेंबर्सचा वाचक इथे खोली शोधतो. माणसे किती, नेले कुठे, ठेवले कशात, घराचे आणि दुकानाचे काय झाले? काहीही नाही. आकडे पुष्कळ आहेत, पण ते लष्करी आदेशांचे: ९०६६ क्रमांकाचा राष्ट्राध्यक्षांचा हुकूम, ३४ क्रमांकाचा हद्दपारीचा आदेश. परिसर सोडण्याचा हुकूम वेगळा आणि छावणीत राहण्याचा वेगळा, असे तुकडे करून ते फक्त पहिल्याचा विचार करतात. छावण्यांना छळछावण्या म्हणणे त्यांना अन्यायाचे वाटते. वेळ थोडा होता, गरज मोठी होती, युद्धात हालअपेष्टा व्हायच्याच. कर्ते दिसेनासे होतात आणि परिस्थिती बोलू लागते. जो माणूस शेरीफच्या शेजारी उभ्या असलेल्या नागरिकांनाही यादीत नोंदवतो, त्याच्या या पानांवर माणूसच सापडत नाही.

असे का व्हावे? राजकारणी होते म्हणून, हे उत्तर पुरत नाही. त्याच खटल्यात तिखट भिन्नमत लिहिणारे न्या. फ्रँक मर्फी हेही डेट्रॉइटचे महापौर आणि मिशिगनचे गव्हर्नर राहिलेले पक्के राजकारणी, आणि त्यांनी या प्रकाराला उघडपणे वंशद्वेष म्हटले. मला वाटते, अलाबामातल्या जमावाला ब्लॅक आतून ओळखत होते. त्याचा वास त्यांना दुरून येई. इथला जमाव त्यांच्या ओळखीचा नव्हता. तो लष्करी गणवेशात होता, त्याच्या हातात क्रमांक घातलेले कागद होते, आणि त्याच्या शिखरावर ज्यांच्यावर ब्लॅक यांची निष्ठा होती ते रूझवेल्ट होते. ब्लॅक यांनी हा निकाल अखेरपर्यंत चुकीचा मानला नाही. कोरेमात्सूची शिक्षा १९८३ मध्ये संघराज्याच्या जिल्हा न्यायालयाने रद्द केली, १९८८ मध्ये सरकारने कायदा करून माफी मागितली आणि २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल दिला त्या दिवसापासूनच चुकीचा होता असे म्हटले.

फ्लोरिडा मात्र त्यांच्या वाट्याला पुन्हा आला. १९४२ साली ‘बेट्स विरुद्ध ब्रेडी’ या खटल्यात बहुमताने ठरवले होते की प्रत्येक गरीब आरोपीला सरकारी खर्चाने वकील देणे राज्यांवर बंधनकारक नाही. ब्लॅक यांनी विरुद्ध मत नोंदवले. एकवीस वर्षांनी फ्लोरिडाच्या तुरुंगातून क्लॅरेन्स गिडियन नावाच्या कैद्याने पेन्सिलीने लिहिलेला अर्ज आला, आणि १८ मार्च १९६३ रोजी बेट्सचा निकाल मोडीत काढणारे निकालपत्र ब्लॅक यांनीच लिहिले. हे निकालपत्र छोटे आणि जवळजवळ कोरडे आहे. सरकार खटला चालवायला पैसे मोजून वकील ठेवते आणि पैसेवाला आरोपीही ठेवतो. मग वकील ही चैन नव्हे, गरज आहे, इतके साधे ते मांडतात. विजय साजरा करण्याचा मोह त्यांनी आवरला आहे. भिन्नमत बहुमत होईपर्यंत एकवीस वर्षे खुर्चीवर टिकून राहणे हाही या कलेचा भाग असावा.

या निकालाची वाट आपल्याकडेही येते, आणि ती महाराष्ट्रातून येते. ‘होसकोट विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ या १९७८ च्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाने वाढवलेल्या शिक्षेविरुद्धचा अर्ज चार वर्षांहून अधिक उशिरा आला, कारण आरोपीच्या हाती निकालाची प्रत वेळेवर पडलीच नव्हती. अर्ज फेटाळला गेला. पण कैद्याला निकालाची प्रत फुकट मिळाली पाहिजे आणि अपिलासाठी वकील परवडत नसेल तर तोही मिळाला पाहिजे, असे भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, आणि सांगताना गिडियन खटल्यातले न्या. ब्लॅक यांचे म्हणणे उद्धृत केले. ते लिहिणारे होते न्या. व्ही. आर. कृष्ण अय्यर. १९५७ च्या केरळातील नंबुद्रिपाद मंत्रिमंडळात त्यांच्याकडे कायदा, गृह आणि तुरुंग ही खाती होती. त्याआधी १९४८ साली त्यांनी स्वतः तुरुंगवास भोगला होता. तुरुंगाची किल्ली आणि तुरुंगाची कोठडी दोन्ही पाहिलेला राजकारणी न्यायाधीश दुसऱ्या तशाच न्यायाधीशाचे वाक्य उचलतो, यात मला योगायोग कमी दिसतो. आपल्याकडे पक्षातून न्यायासनावर गेलेल्या नावांबद्दल संशयच अधिक, आणि तो अगदीच निराधार आहे असे कोणी म्हणणार नाही. पण कृष्ण अय्यर वगळून आपल्या कैद्यांच्या हक्कांचा इतिहास लिहिता येत नाही.

उतारवयात ब्लॅक कोटाच्या खिशात राज्यघटनेची छोटी प्रत बाळगत आणि वादात ती काढून कलमावर बोट ठेवत. वयाबरोबर ते अधिक शब्दनिष्ठ आणि काही बाबतींत कर्मठ झाले. १९६० च्या दशकातल्या धरण्यांची आणि शाळकरी मुलांच्या निषेधाच्या दंडपट्ट्यांची त्यांना चीड येई, आणि ती निकालपत्रांत लपत नाही. त्यांतली काही वाचताना मला ते चेंबर्सचे लेखक आहेत हे मुद्दाम आठवावे लागते. शेवटचे लेखन ३० जून १९७१ चे, व्हिएतनाम युद्धाची गुप्त कागदपत्रे छापू द्यावीत की नाहीत या खटल्यातले. वृत्तपत्रे राज्यकर्त्यांच्या नव्हे, प्रजेच्या सेवेसाठी आहेत, हे सांगताना दूरच्या देशात तापाने आणि तोफगोळ्यांनी मरायला पाठवलेली माणसे त्यांच्या वाक्यात येतात, आणि पुन्हा एकदा पानावर देह दिसू लागतो. १७ सप्टेंबरला त्यांनी चौतीस वर्षांच्या सेवेनंतर राजीनामा दिला. २५ सप्टेंबरला ते वारले.

चेंबर्सचे निकालपत्र काही पानांचेच आहे आणि कोणालाही मिळण्यासारखे आहे. कायद्याच्या विद्यार्थ्यांनी ते संकलनात छापलेल्या त्या एका परिच्छेदापुरते वाचू नये. पहिल्या ओळीपासून, तळटीपांसह वाचावे, आणि लगेच त्याच बैठकीत कोरेमात्सू उघडावे.